आज कसली भाजी होती?

आज सकाळी भाजी फोडणीला टाकली आणि सवयीनं फोन हातात घेतला. तुमचं नाव अजून सगळ्यात वर आहे. अंगठा तिथवर गेला आणि मग आठवलं, तुमचा फोन कपाटात आहे. ऋतुजा तो रोज चार्ज करून ठेवते, बाहेरगावी जातानाही ठेवून गेलीय. म्हणजे मी लावला असता तर तो कपाटात खरोखरच वाजला असता. त्या आवाजाची मला एवढी धास्ती वाटली की मी फोन पिठाच्या डब्यावर पालथा ठेवला आणि भाजी हलवायला धावले. तोवर ती खाली लागली होती.

तुम्हाला जाऊन सव्वा महिना झाला. आपली ऋतुजा आज दुपारच्या गाडीनं घरी येतेय. कुठून, ते तुम्ही ओळखलंच असेल. होय, खेळायला गेली होती. कबड्डीच. आणि होय, मीच पाठवली. एवढं ऐकून तुम्ही मिशीतल्या मिशीत हसणार, ते मला इथं बसून दिसतंय. पण इतक्यात हसू नका. काल तिच्या सामन्यात काय झालं ते सांगायलाच मी कारखान्यातून शिवायला घरी आणलेले गणवेश मशीनवरून बाजूला सारून बसलेय. फक्त त्याआधी आपलं एक भांडण राहिलंय. तुम्ही ते अर्ध्यात टाकून गेलात, आणि नंतर मला असं काही कळलं की ते दुप्पट झालंय. ते ऐकून घ्या. आता तुम्हाला 'जरा ग्राउंडवर जाऊन येतो' म्हणून उठता यायचं नाही.

पेपरात तुमच्यावर छापून आलं. किती वर्षं खेळलात, कुठल्या कुठल्या संघातून, टीव्हीवरच्या लीगमध्ये डाव्या कोपऱ्यात कसा दरारा होता, सगळं आलं. फोटोही बरा होता. मला त्यातलं काही लिहायचं नाही. ते वाचताना मला सारखं वाटत होतं की हा कुणी दुसराच हणमंत आहे. माझा हणमंत मला बघायला आला तेव्हा त्याची उजव्या हाताची बोटं पट्टीनं एकत्र बांधलेली होती.

पोह्यांचा चमचा धरता येईना, तर तुम्ही खुशाल डाव्या हातानं खायला लागलात. आमच्या आत्याच्या कपाळाला आठ्या पडल्या. वडिलांनी विचारलं, "बोटांना काय झालं?" तुम्ही म्हणालात, "काय न्हाय, पाव्हणा निसटत व्हता." समोरून चढाईला येणाऱ्या गड्याला तुम्ही पाव्हणा म्हणता, हे आम्हाला पुढं कळलं. आत आल्यावर आत्या म्हणाली, "पोरगा धडधाकट हाय, पण सोत्ताला मोडून घ्यायची लई हौस दिसतीया." पेपरवाल्यांना अर्धं पान लागलं, आत्यानं एका वाक्यात सांगून टाकलं होतं.

लग्नानंतर तुम्ही मला तुमचं मैदान दाखवायला नेलं. गाव उजनी धरणाच्या फुगवट्यावरचं. आपण बांधावर उभे राहिलो आणि तुम्ही सरळ पाण्याकडे बोट केलं. "हितं शिकलो म्या पकड." मला वाटलं नव्या बायकोची थट्टा चाललीय. मग तुम्ही सांगितलंत, उन्हाळ्यात पाणी मागं सरकलं की गाळाची जमीन उघडी पडते, तिच्यावर राखेनं रेघा मारून तुम्ही पोरं खेळायचात. पाणी परत आलं की मैदान बुडायचं. "गाळात कसंबी पडा, लागत न्हाय बघ," तुम्ही म्हणालात. "त्यामुळं भ्यायचं असतंय हे कुणी शिकवलंच न्हाय." मी तेव्हा हसले होते. पण तुम्ही पुढं आयुष्यभर खाली गाळच आहे अशा समजुतीनं झेपा घेतल्यात. कडक माती आली, मग मॅट आली, तुमची समजूत काही बदलली नाही.

कोपऱ्यातल्या माणसाचं काम मला समजायला वेळ लागला. बाकीचे गडी छातीनं, खांद्यानं अडवतात. कोपऱ्यातला वाट बघतो आणि चढाईवाल्यानं पाय पुढं टाकला की डोकं खाली घालून त्याच्या घोट्यावर झेपावतो. आता घोटा जिथं असतो तिथंच वर गुडघा असतो. तो पाव्हणा सुटायला धडपडणार, म्हणजे गुडघा कुठं बसणार? एवढं साधं गणित कुणी तुम्हाला कधी घातलं नाही. मी घातलं, तर म्हणालात, "मग काय लांबून नमस्कार करू त्याला?"

आपल्या लग्नाला वर्षही झालं नव्हतं. करमाळ्याजवळ स्पर्धा होती आणि मी हौसेनं बघायला आले होते. तिथं एका दांडग्या गड्याचा गुडघा तुमच्या कानशिलावर बसला. तुम्ही उठलात, माती झाडलीत, पुढची पकडसुद्धा केलीत. लोकांनी टाळ्या वाजवल्या, मीही वाजवल्या. मोटरसायकलवर मला मागं बसवून तुम्ही घरी आणलंत, हातपाय धुतलेत, आणि मी पाण्याचा तांब्या पुढं केला तर माझ्याकडे बघून विचारलंत, "तू कवा आलीस?"

मी कुठं गेले नव्हते. त्या गाडीवरून आपण दोघं ट्रॅक्टरांच्या गर्दीतून जिवंत कसे पोचलो, हे मला अजून कळलेलं नाही. मी ताट वाढलं. तुम्ही जेवलात. ताट उचलताना मी विचारलं, "आत्ता कसली भाजी खाल्लीत?" तुम्ही रिकाम्या ताटाकडे बघितलंत, माझ्याकडे बघितलंत, आणि लहान मुलासारखे ओशाळून हसलात. दुसऱ्या दिवशी सगळं आठवलं तुम्हाला. शेजारच्यांना रंगवून सांगितलंत. पण मी तो प्रश्न धरून ठेवला. तुम्ही घोटा धरायचात, मी प्रश्न धरला.

पुढं खेळाडू कोट्यातून तुम्हाला नोकरी लागली, आपण सोलापुरात आलो, मग लीग आली आणि तुम्ही महिने महिने परमुलखात राहायला लागलात. तरी नियम मोडला नाही. सकाळी फोनवर मी सांगायची, आज घरी कसली भाजी केलीय. संध्याकाळी सामना झाला की तुम्ही ती मला परत सांगायची. बाकी बायका विचारतात, जेवलात का? मी विचारायची, आम्ही काय जेवलो? तुम्ही बरोबर सांगितलंत की माझ्या जिवात जीव यायचा. मग काय जिंकलात, काय हरलात, ते मी ऐकायची.

सामना चालू असताना मी कधीच टीव्हीसमोर बसले नाही, हे तुम्हाला ठाऊक आहे. मी स्वयंपाकघरात. बाहेर तुमच्या आई खाटेवर मांडी घालून, "धर, धर त्याची तंगडी, सोडू नगंस," असं ओरडत असायच्या. त्यांच्या आवाजावरून मी ओळखायची. त्या गप्प झाल्या की माझे हात थांबायचे. कुकरच्या किती शिट्ट्या झाल्या याचं भान राहायचं नाही. लीगच्या दिवसांत आपल्याकडे भाताची खीर व्हायची आणि ऋतुजा बिचारी तीच खायची. तुमचं उत्तर पदरात पडलं की मग दुसऱ्या दिवशी मी तोच सामना परत लावून निवांत बघायची. शेवट ठाऊक असलेला सामना मला फार आवडतो.

तसं बघताना मी बहुतेक वेळा तुमच्या हाताकडेच बघायची. तुमचा उजवा हात कायम सिद्धारामच्या डाव्या हातात. तो मूळचा अक्कलकोटकडचा, घरी कानडी, मैदानावर मराठी, आणि कुठल्याही संघात तुमच्या शेजारीच. दोघं हात धरून साखळीनं पुढं-मागं व्हायचात. तुम्हीच सांगितलं होतंत, झेपावायच्या आधी तुम्ही त्याची करंगळी दाबायचात, मग तो मागून यायचा. मी चेष्टेनं म्हणायची, एवढा वेळ माझा हात कधी धरलाय? तुम्ही म्हणायचात, "तू निसटून जातीस व्हय?"

आणि तो उपांत्य सामना. शेवटची चढाई, त्यांना एक गुण हवा होता, आणि तो उंच पोरगा तुमच्या कोपऱ्यात आला. दुसऱ्या दिवशी मी तो तुकडा कितीदा पाहिला असेल. तुम्ही खाली झेपावलात, त्याचा दुसरा पाय तुमच्या डोक्यावर एकदा बसला, परत बसला, आणि तुमची मिठी सुटली नाही. सिद्धाराम मागून येऊन पडला. शिट्टी झाली तरी तुम्ही घोटा सोडत नव्हता. सिद्धारामनंच तुमची बोटं एकेक करून सोडवली. सगळं मैदान तुमचं नाव घेत होतं.

त्या संध्याकाळी तुमचा फोन उशिरा आला. मी विचारलं, "आज कसली भाजी?" तुम्ही म्हणालात, "वांगं. हिरवं, काटेरी. शेंगांचं कूट लावून. आन् भाकर कडंला जरा करपली म्हणली व्हतीस." मी हरखून गेले. मॅटवर एवढं महाभारत झालं आणि माझ्या भाकरीची करपलेली कड ह्या माणसाच्या लक्षात आहे. मी आईंना सांगितलं, कारखान्यातल्या शिवणाऱ्या बायकांना सांगितलं. एवढं लक्षात ठेवणारा नवरा कुणाचा आहे, म्हणून मिरवले.

मग वय झालं, लीगवाल्यांनी बोलावणं बंद केलं. तुम्ही ते मनाला लावून घेतलं नाही असं दाखवलंत. सिद्धारामबरोबर इथल्या मुलींना शिकवायला लागलात. मला वाटलं, सुटले. आता घोर संपला. कुठलं काय. चहात दोनदा साखर. गाडी आपल्या बोळावरून पुढं निघून जायची आणि पाच मिनिटांनी परत यायची. एकदा तुम्ही मला एकाच जेवणात तीनदा विचारलंत, ऋतूच्या शाळेची सुट्टी कधी? तिसऱ्यांदा ऋतुजानं माझ्याकडे बघितलं आणि मी ताटात बघितलं. दवाखान्यात जाऊ म्हटलं की तुमचं एकच: "अगं, काय व्हत न्हाय. वय झालं की इसरतोय मानूस." तुमचं वय ते काय होतं?

आणि अशात तुम्ही तो विषय काढलात. ऋतूला कोपऱ्यात उभं करायचं. मी म्हटलं, लांब उडी मारू दे, पळू दे, सोलापुरात खेळ काय कमी आहेत? तुम्ही म्हणालात, "तिच्या हाताला पकड हाय. देवानं दिल्याली." मी म्हटलं, देवानं डोकंही एकच दिलंय. तुम्ही चिडलात. मीही चिडले. त्या सकाळी मी कामावर निघताना चपला घालत होते आणि तुम्ही दारात येऊन म्हणालात, "मंगल, एकदाच सांग, खेळू देऊ का नको?" मी म्हटलं, "आल्यावर बोलू." आपल्यात बोलायची हीच पद्धत आहे, त्यात मला काही वावगं वाटलं नव्हतं. आल्यावर तुम्ही नव्हता.

अंगणात वाळत टाकलेली गादी उचलून आणताना तुम्ही उंबऱ्यावर पडलात. एवढंच. भल्याभल्यांच्या अंगाखाली सापडलेला माणूस, आणि घरच्या उंबऱ्यावर. मी दवाखान्यात पोचले तेव्हा तुम्ही बोलत नव्हता. डॉक्टरांनी विचारलं, "यांना आधी कधी डोक्याला मार बसला होता? मारानंतर विसरणं, गोंधळणं, असं काही?" आणि मी अगदी खात्रीनं सांगितलं, "लग्नाच्या पहिल्या वर्षी एकदा, तेवढंच. मी प्रत्येक सामन्यानंतर विचारायची. प्रत्येक वेळी बरोबर सांगितलंय त्यांनी." केवढ्या अभिमानानं सांगितलं असेन मी ते. डॉक्टरांनी मान डोलावली.

तुमच्या तेराव्याला सिद्धाराम आला होता. त्याला पंगतीत बसवलं. वाढणाऱ्या बाईनं त्याच्या पानात वांगं वाढलं, तर त्यानं हात आडवा धरला. तोवर वाढून झालं होतं. तो पानाकडे बघत राहिला आणि एकदम उठून मोरीकडे गेला. मी मागं गेले. तो भिंतीला हात लावून रडत होता आणि कानडीत काहीतरी बोलत होता. मला कानडी येत नाही. मग तोंड धुऊन तो मराठीत म्हणाला, "वहिनी, हिरवं वांगं, काटेरी, शेंगांचं कूट लावून. ते मी सांगितलं व्हतं."

मला आधी कळेचना. मग त्यानं सगळं सांगितलं. एका खोलीत राहायचात तुम्ही. सकाळी माझा फोन आला की तुम्ही स्पीकरवर टाकायचात, आणि भाजी तो लक्षात ठेवायचा. ज्या दिवशी मार बसायचा त्या दिवशी बसमध्ये, नाहीतर कपडे बदलायच्या खोलीत, तो तुमच्या कानात सांगायचा आणि तुम्ही फोन लावायचात. उपांत्य सामन्यानंतर तुम्हाला आपण जिंकलो हेसुद्धा ठाऊक नव्हतं. "हौदु, व्हय वहिनी, खरं सांगतो. मला विचारत व्हता, आपण कुठल्या गावात हाय?" तो म्हणाला. "म्हणायचा, मंगलला कळलं तर ती झोपायची न्हाय. आन् कोचला कळलं तर मला बसवून ठेवतील. तुझ्या पाया पडतो, भाजी तेवढी सांग."

मी तिथं मोरीजवळच्या पाटावर बसले. मला रडू आलं नाही. राग आला. एवढा राग मला तुमचा आयुष्यात आला नव्हता. लोक बाहेर जेवत होते, तुमच्या फोटोला हार होता, आणि मला वाटत होतं की आत जाऊन तो फोटो भिंतीकडे तोंड करून ठेवावा.

मग रोज मशीनवर बसले की तुमची उत्तरं आठवायला लागले. आणि मला ओळखू यायला लागलं हो. तुमचं स्वतःचं उत्तर नुसतं असायचं: 'मेथी.' 'दोडका.' 'कायतरी पाल्याची व्हती, शेपू का चुका.' तुम्हाला चवीचं कधी काही पडलेलं नव्हतं. आणि सिद्धाराम पडला खाण्याचा शौकीन. त्यानं सांगितलेल्या उत्तरात कूट असायचं, लसूण असायचा, भाकरीची कड असायची. म्हणजे ज्या ज्या दिवशी तुमचं उत्तर ऐकून मी सुखावले, त्या त्या दिवशी तुम्हाला काहीच आठवत नव्हतं. आणि तसे दिवस थोडे नव्हते. आता मी शिवताना ते आठवू नये म्हणून मोठ्यानं रेडिओ लावते, तरी आठवतं.

परत त्या डॉक्टरांकडे जाऊन आले. सगळं सांगितलं. ते म्हणाले, "आधी कळलं असतं तरी ह्या पडण्यात काही वेगळं झालं असतं, असं खात्रीनं सांगता येणार नाही." भला माणूस. माझं समाधान व्हावं म्हणून बोलला. पण खात्रीनं सांगता येत नाही, हेच तर मला झोपू देत नाही.

आणि त्याच आठवड्यात सिद्धाराम परत दारात. ऋतुजाची बाहेरगावच्या स्पर्धेसाठी संघात निवड झाली होती. डाव्या कोपऱ्यात. मी त्याला चहासुद्धा विचारला नाही. "तुझ्या भरवशावर पाठवू होय तिला? उद्या तिच्या कानात भाजी सांगशील." भावकीतल्या बायकांचं आणखी वेगळंच: बापाला महिना झाला नाही आणि पोरगी चड्डी घालून उड्या मारायला निघाली. ते ऐकून मात्र तुमच्या आई खाटेवरून म्हणाल्या, "माझं पोरगं गेलंय, त्यांचं न्हाय. नात खेळंल नाहीतर घरात बसंल, त्यांनी कशाला त्वांड घालायचं?" पण मला त्या काही म्हणाल्या नाहीत. निर्णय माझ्यावरच सोडला.

ऋतुजानं हट्ट केला नाही. केला असता तर मला नाही म्हणणं सोपं गेलं असतं. ती भांडी घासत होती आणि पाठमोरी म्हणाली, "आई, पप्पा तुला भीत होते."

"मला? कशाला?"

"तू रडशील म्हणून. ते म्हणायचे, एवढ्या दांडग्या गड्यांपुढं उभं ऱ्हातो, पण तुझी आई फोनवर गप झाली की पाय कापत्यात."

हे काही मी मान्य करायला तयार नाही. सगळं माझ्यावर ढकलून मोकळं व्हायचं नाही. तुम्ही लपवलंत, तुम्ही. पण ती भांडी विसळत राहिली आणि मला ते वाक्य काही केल्या खाली ठेवता येईना. शेवटी मी तिला समोर बसवलं. म्हटलं, "जा. पण डोक्याला लागलं आणि काही सुचेनासं झालं, तर तसं सांगायचं. 'आठवत नाही' म्हणालीस तर मी रडणार नाही." ती म्हणाली, "खरंच?" मी म्हटलं, "तुझ्या बापाची शपथ." जिवंत असताना तुमची शपथ कधी घेतली नव्हती.

काल सकाळी मी तिला फोन केला. तुम्हाला करायची तसाच. आधी विचारलं, जवळ कोण आहे? म्हणाली, कुणी नाही. मग भाजी सांगितली. सिद्धारामला नाही, आईंना नाही, कढईत काय आहे ते त्यांना जेवतानाच कळलं. दिवसभर मी गणवेशाच्या बाह्या उलट्या जोडल्या आणि उसवल्या. सामना टीव्हीवर नव्हता. आई खाटेवर गप्प बसल्या होत्या. ओरडायला काही नसलं की घर कसं होतं ते मला काल कळलं.

संध्याकाळी फोन वाजला. सिद्धाराम. म्हणाला, "वहिनी, पोरीला लागलंय. बसलीया, बोलतीया. मला काय इच्यारू नका, तिलाच इच्यारा." आणि फोन तिच्याकडे दिला.

मागं शिट्ट्या ऐकू येत होत्या, लोक ओरडत होते. मी विचारलं, "ऋतू, आज कसली भाजी होती?"

ती थांबली. मी कान लावून ऐकत होते, मागून कुणी कुजबुजतंय का. कुणी कुजबुजलं नाही. मला वाटलं, आता ही सांगणार. कूट घालून, लसूण घालून सांगणार, बापाची लेक. माझा एक हात ओट्यावर होता, तो मी तसाच दाबून धरला.

"आई," ती म्हणाली, "मला आठवत न्हाय."

"काहीच?"

"तू फोन केलावता, तेवढं आठवतंय. पुढचं न्हाय. सिद्धूकाकांना मीच म्हणलं, मला बाहेर घ्या." आणि मग हळूच, "आई, रडतीस का?"

"नाही," मी म्हटलं. आणि नव्हतेच रडत. फोन ठेवल्यावर रडले. त्याबद्दल काही ठरलेलं नव्हतं. आईंनी खाटेवरून विचारलं, "काय म्हणली?" मी सांगितलं. त्यांनी पाय खाटेखाली सोडले. मग पदरानं डोळे पुसत म्हणाल्या, "माझ्या हणमाला एवढं जमलं न्हाय बघ."

सिद्धारामनं सामना दुसऱ्यावर सोपवून तिला दवाखान्यात नेलं. डोक्याचा फोटो काढला. तूर्त काही दिसत नाही म्हणाले, पण काही आठवडे मॅटवर पाऊल टाकायचं नाही. ऋतू बाहेर बसल्यावर कोपरा उघडा पडला आणि संघ हरला. दोन पोरी तिच्याशी बोलत नाहीत म्हणे. तुम्ही असतात तर तुम्हालाही वाईट वाटलं असतं, उगाच नाही म्हणू नका. एवढ्या शेवटाला येऊन बाहेर बसायचं म्हणजे काय, ते तुम्हालाच ठाऊक. तिला ते जमलं. रात्रभर माझा डोळा लागला नाही, काळजी काही एका फोटोनं जात नाही. पण ह्या काळजीत कुणी मला फसवत नाहीय, आणि तेवढ्यावर मी उभी आहे.

तर तुम्ही दारात उभं राहून विचारलं होतंत, त्याचं उत्तर आज देते. खेळू दे. बरी झाली की खेळू दे. मी सामना चालू असताना बघणार नाही ते नाहीच, पण खेळू दे.

गाडीची वेळ होत आली. आई मघापासून दारात जाऊन येतायत. ऋतू आली की आधी तिला जेवायला वाढायचंय. तुमच्यावरचा राग अजून गेलेला नाही. तो जाईल तेव्हा जाईल, आणि एकदा तो गेला की मी तुमच्याशी काय बोलणार, याचीही मला भीतीच वाटते. तोवर आपला नियम चालू ठेवते. तुमच्या शेजारी आता सिद्धाराम नाही, तो इथं आहे, ऋतूची बॅग उचलून तिच्याबरोबर येतोय. तुम्हाला कानात सांगायला कुणी नाही.

आज घेवडा केलाय. जरा खाली लागलाय. लक्षात ठेवा.